ठेवून घ्या, कामाचा आहे

इमारत बघितली आणि मनात पहिला शब्द आला तो शाळा. कुणी काही सांगायच्या आधीच. तीन मजले, पुढे लांबच लांब व्हरांडा, व्हरांड्यात एका मापाचे दरवाजे, मधे पटांगण, पटांगणात नारळ आणि पांढरा चाफा. 31 वर्षं चिपळूणजवळच्या एका शाळेत गणित शिकवलेल्या बाईला शाळा ओळखायला पाटी लागत नाही. आत गेले तर एका खोलीत फळासुद्धा होता अजून भिंतीवर. आणि फळ्यासमोर, जिथे बाकं असायला हवीत तिथे, एक लोखंडी पलंग, त्याच्यावर बेड्या.

हे 2019 च्या डिसेंबरातलं. रिटायर होऊन वर्ष झालं होतं, धाकट्या बहिणीनं टूर बुक केली, अंकोरवाट बघायचं म्हणून. आपल्याकडचे सगळेच त्यासाठी जातात, कंबोडिया म्हटलं की आपल्याला ते विष्णूचं देऊळ आठवतं, आणि आपल्या पुरातत्त्व खात्याच्या लोकांनी 1986 ते 1993 तिथे दुरुस्तीचं काम केलं ते कुणीतरी अभिमानानं सांगतं. आम्हीही ते सगळं पाहिलं, सूर्योदयाचे फोटो काढले. शेवटचा दिवस राजधानीत, नॉम पेन्हमध्ये, मोकळा होता. ग्रुपमधले बरेचसे मार्केटात गेले, मी आणि बहीण तुओल स्लेंगला, म्हणजे त्या शाळेच्या इमारतीत.

सहा वर्षं झाली, याच्यावर एक ओळ लिहिता आली नव्हती. लिहायला बसले ते 2025 च्या जुलैमध्ये. आपले 12 किल्ले युनेस्कोच्या यादीत गेले, महाराष्ट्रातले 11 आणि तामिळनाडूतला जिंजी, सगळ्या ग्रुपवर आनंदीआनंद, मीही दहा जणांना फॉरवर्ड केलं. मग म्हटलं पूर्ण यादी तरी बघू, आणखी कोण कोण आहे. तर त्याच अधिवेशनात, त्याच यादीत तुओल स्लेंग. माझ्या रायगडाच्या सोबत ती शाळा. फोन बाजूला ठेवला आणि बराच वेळ काही सुचलंच नाही.

थोडं मागचं सांगते, कारण आपल्याकडे हिटलरचं सगळ्यांना माहीत असतं, हे नसतं. 17 एप्रिल 1975 ला ख्मेर रूजनं, म्हणजे पोल पॉटच्या कम्युनिस्ट बंडखोरांनी, नॉम पेन्ह घेतलं आणि काही दिवसांत अख्खं शहर रिकामं केलं. सुमारे वीस लाख माणसं, दवाखान्यातले पेशंटसुद्धा, चालत खेड्यांकडे. पैसा बंद, बाजार बंद, शाळा बंद, देवळं बंद. सगळ्यांनी शेतात राबायचं, काळे कपडे घालायचे. वाचता येतं हे लोक लपवायला लागले, चष्मे फेकून दिले कित्येकांनी. पावणेचार वर्षांत, 7 जानेवारी 1979 ला व्हिएतनामी सैन्य शहरात शिरेपर्यंत, सतरा ते वीस लाख माणसं गेली असा अंदाज आहे, भुकेनं, आजारानं, कामानं, मारून. म्हणजे देशातला जवळजवळ दर चौथा माणूस. व्हिएतनामी वंशाच्या आणि चाम मुसलमान लोकांना तर वेचून मारलं, त्याबद्दल नरसंहाराचा गुन्हा 2018 मध्ये, संयुक्त राष्ट्रांच्या मदतीनं तिथेच भरलेल्या खास कोर्टात सिद्ध झाला.

आणि ही शाळा त्यांचा सगळ्यात गुप्त तुरुंग होता. एस 21. वर्गांमध्ये विटांच्या भिंती घालून खोल्या केल्या, खोल्या कसल्या, माणूस आडवा झाला की संपली. एका वर्गातून दुसऱ्या वर्गात जायला भिंती फोडून भगदाडं पाडली. व्हरांड्याला काटेरी तारांची जाळी, कुणी उडी मारून जीव देऊ नये म्हणून. मुलं ज्या बारला लोंबकळून कसरत करायची त्यालाच माणसं उलटी टांगायचे, खाली पाण्याचे रांजण. तुओल स्लेंग या नावातलं स्लेंग म्हणजे विषारी झाड, आपल्याकडे काजरा म्हणतात तेच. आमच्या घरामागच्या दरडीला काजरा आहे, नारिंगी फळं धरतात, लहानपणी आई त्याच्याखाली खेळू द्यायची नाही.

इथे आणलेल्या किमान 12,272 माणसांचा बळी गेला असं कोर्टानं निकालात धरलं, खरा आकडा त्याहून मोठा असणार. इथे आणलेल्यांतली जी शेवटी जिवंत सापडली ती अगदी मोजकी मोठी माणसं, आणि काही पोरं.

मी ज्यांच्याबद्दल लिहायला बसलेय ते हे मोजके.

वान नाथ. नाव आपल्याला घरचंच वाटेल असं. बट्टमबँगचा, दुकानांच्या पाट्या आणि सिनेमाची पोस्टरं रंगवणारा माणूस. 1977 च्या शेवटी पकडलं, 1978 च्या जानेवारीत इथे आणलं. काय गुन्हा केला हे त्याला शेवटपर्यंत कळलं नाही. वरच्या मजल्यावरच्या मोठ्या खोलीत तो इतरांसोबत पायात बेड्या घालून आडवा होता. सगळ्यांचे पाय एकाच लोखंडी गजाला. उठून बसायचं तर विचारायचं, कूस बदलायची तर विचारायचं, लघवीलासुद्धा विचारायचं. पातळ पेजेचे दोनचार चमचे, दिवसातून दोन वेळा. अंघोळ म्हणजे चार-चार दिवसांनी खिडकीतून पाइपचं पाणी मारायचे. शेजारचा मरायचा आणि त्याचं प्रेत उचलेपर्यंत हे तिथेच, त्याच्या शेजारी बसूनच ती पेज खायची. दिव्याभोवतीचा किडा खाली पडला तर तो तोंडात टाकायची धडपड, आणि पहारेकऱ्यानं बघितलं तर मार. हे त्यानं नंतर पुस्तकात लिहिलं, 2009 मध्ये कोर्टातही सांगितलं. सांगताना रडला, तेव्हा तो 63 वर्षांचा होता.

महिन्याभरानं त्याला खाली बोलावलं, चालताही येत नव्हतं धड. एक फोटो समोर ठेवला आणि हा माणूस रंगवता येईल का विचारलं. फोटो पोल पॉटचा होता. नाथनं तो रंगवला, मग पुन्हा रंगवला, मग वर्षभर तेच, त्याच माणसाचे चेहरे, मोठे मोठे कॅनव्हास. विचारणारा माणूस तुरुंगाचा प्रमुख होता, तो येऊन तिथे बसायचा, रंगवताना बघायचा.

खूप वर्षांनी एक यादी सापडली, त्या दिवसांत मारायच्या माणसांची. त्यात वान नाथचं नाव होतं. आणि नावापुढे प्रमुखाच्या हातचा शेरा, चित्रकाराला ठेवा. एवढाच.

म्हणजे बायकोच्या प्रार्थनेनं वाचला म्हणा, नशिबानं म्हणा, प्रत्यक्षात तो वाचला कारण कामाचा होता. ख्मेर रूजचं एक वचनच होतं, तेव्हा जगलेल्या प्रत्येकानं ऐकलेलं: तुला ठेवून फायदा नाही, तुला घालवून तोटा नाही. बाकीच्या हजारोंना हा हिशेब लागू झाला, ह्या एकाच्या बाबतीत फायद्याच्या रकान्यात काहीतरी निघालं.

चुम मे मेकॅनिक होता. बारा दिवस आणि रात्री त्याला मारलं, पायाच्या अंगठ्याचं नख उपटलं, कानाला वायर लावून शॉक दिले. प्रश्न एकच, सीआयएत कधी भरती झालास. त्याला सीआयए म्हणजे काय हे माहीत नव्हतं, म्हणजे नाव पहिल्यांदा तिथेच ऐकलं. शेवटी हो म्हणाला. मग कुणाकुणाला भरती केलंस, तर नावं सांगितली. त्याचंही नाव असंच कुणीतरी मार खाताना सांगितलेलं असणार, आणि त्या माणसाबद्दल त्याच्या मनात राग नाही, हे तो आजही सांगतो. त्यालाही ठेवलं, का, तर शिलाई मशिनी दुरुस्त करता यायच्या, टाइपरायटर दुरुस्त करता यायचे. काळे कपडे शिवायच्या मशिनी आणि जबान्या टाइप करायची यंत्रं. स्वतःची खोटी जबानी ज्या यंत्रांवर टाइप होते त्यांचे स्क्रू पिळत हा माणूस जगला.

आणि बू मेंग. तोही चित्रकार, बायकोसोबत आणलेला, कलाशाळेत शिकवायला नेतोय असं सांगून. दारातच फोटो काढले दोघांचे, मग बायकोला वेगळीकडे नेलं, ती परत दिसलीच नाही. कुणाला चित्र काढता येतं असं विचारल्यावर ह्यानं हात वर केला. चित्र हुबेहूब झालं नाही तर जीव गेला म्हणून समज, अशी धमकी, आणि ते हुबेहूब झालं.

माझ्या मनातून जात नाही ती गोष्ट वेगळीच आहे खरं तर. तो प्रमुख. डूच म्हणतात त्याला, मूळ नाव कांग गेक इव. गणिताचा शिक्षक होता. नुसता शिक्षक नाही, चांगला शिक्षक, नीटनेटका, वेळेवर येणारा. स्वतः परीक्षेत देशात दुसरा आलेला. डूच हे नावसुद्धा त्यानं लहानपणीच्या शाळेच्या पुस्तकातून घेतलं, त्यातल्या शिस्तीच्या, आज्ञाधारक मुलाचं. आणि त्याच्या हाताखाली चौकशी करणारा प्रमुख माणूस, तोही शिक्षकच.

तिथे काचेखाली जबान्यांचे कागद आहेत. कैद्यानं आपली जन्मकथा लिहायची, गुन्हे लिहायचे, ते वर जायचं, पटलं नाही की परत यायचं, पुन्हा लिही. काहींनी शेकडो पानं लिहिली. आणि समासात लाल शाईनं शेरे. हे स्पष्ट करा. हे अपुरं आहे. अक्षर मला वाचता येत नव्हतं, ख्मेर लिपी, पण ते काय आहे ते मला खालपासून वरपर्यंत कळलं. अधोरेखन कसं केलंय, बाण कुठून काढलाय, समासात उभं कसं लिहिलंय. मी आयुष्यभर हेच केलंय. रात्री अकरा वाजता उत्तरपत्रिकांचा गठ्ठा पुढ्यात घेऊन पेंगत पेंगत का होईना पण नेटकं. बहीण पुढे गेली होती, तिला हाक मारायची होती पण आवाजच फुटला नाही.

आता जे लिहितेय ते लिहू का नको असं बरेच दिवस चाललं होतं. तुलना करत नाहीये, करूच शकत नाही, तिथे माणसं मारली आणि आमच्याकडे कुणाला काही झालं नाही. पण मला तिथे जे आठवलं ते आठवलं, ते लपवून हा लेख लिहिला तर खोटा होईल.

आमच्या शाळेत दहावीचा निकाल शंभर टक्के लावायचा असं एका वर्षी ठरलं. मग नववीच्या निकालानंतर मीटिंग झाली, यादी पुढ्यात ठेवली, कोण ठेवायचं आणि कोणाला 17 नंबरचा फॉर्म भरून बाहेरून बसायला लावायचं. ज्यांच्या घरात शिक्षक आहेत त्यांना हे वेगळं सांगायला नको. गणिताची म्हणून यादी माझ्याकडे. मी लाल पेनानं खुणा केल्या. एक मुलगा होता, त्याच्या गणिताच्या वहीत गणितं कमी आणि चित्रं जास्त, एसटी, बैल, सरांचा चेहरा, आणि काय हुबेहूब काढायचा. त्याच्या वहीत मी एकदा शेरा दिला होता की ह्यानं पोट भरणार नाही. मीटिंगमध्ये म्हणाले, हा काही कामाचा नाही. खूण केली. तो नंतर शाळेत आलाच नाही, फॉर्मही भरला नाही. वाकडं बोलले, रागानं बोलले असंही नाही हो, सहज म्हणाले, चहा पिता पिता.

पाट्या रंगवणाऱ्या माणसाच्या नावापुढचा तो शेरा वाचताना मला ती मीटिंग दिसली. तिथे 'ठेवा' असं लिहिलेलं, मी लिहिलेलं उलट. पण एखादा माणूस कामाचा आहे का हे ठरवायला कुणीतरी हातात पेन घेऊन बसलंय, हे मला नवीन नव्हतं.

असो. परत त्यांच्याकडे येते.

सुटल्यावर पुढच्याच वर्षी, म्हणजे 1980 मध्ये, वान नाथ त्याच इमारतीत परत आला. म्युझियम होणार होतं, चित्रं काढायची होती. ज्या जागेतून जीव वाचवून पळालो तिथे रोज सकाळी डबा घेऊन कामाला यायचं, हे मला अजून नीट कल्पनेत बसत नाही. आणि आता रंगवायचं काय, तर त्या खोलीत ओळीनं आडवी माणसं, पाण्यात बुडवलेलं डोकं, आईच्या हातातून ओढून घेतलेलं मूल. ती चित्रं आजही भिंतीवर आहेत. तंत्र पोस्टरवाल्याचंच आहे, ठसठशीत रेषा, सपाट रंग, लांबून कळेल असं. आर्ट गॅलरीवाले नाकं मुरडतील. मला वाटतं ते तसं आहे हेच बरं आहे, ज्याला वाचता येत नाही त्यालाही कळतं. आणि कोर्टात त्यानं स्वतःहून सांगितलं की ह्यातलं सगळं मी डोळ्यांनी पाहिलेलं नाही, काही दुसऱ्या कैद्यांनी सांगितलं त्यावरून काढलंय, काही नुसते आवाज ऐकून. इतकं भोगलेला माणूस, कोण त्याला विचारणार होतं? पण ऐकलेलं ते ऐकलेलं आणि पाहिलेलं ते पाहिलेलं, हा हिशेब त्यानं चोख ठेवला. गणिताच्या बाईला ह्याचं फार वाटलं.

त्या खटल्यात डूचनं गुन्हा कबूल केला, माफी मागितली, रडला, कागदांचे पान नंबरसुद्धा वकिलांना दुरुस्त करून सांगायचा. आणि शेवटच्या दिवशी म्हणाला मला सोडा. 2010 मध्ये 35 वर्षांची शिक्षा झाली, आधी भोगलेली आणि बेकायदा कोठडीची सूट वजा जाता 19 उरत होती. कोर्टाबाहेर चुम मे संतापला होता. मग अपिलात 2012 च्या फेब्रुवारीत जन्मठेप झाली. वान नाथ 2011 च्या सप्टेंबरात गेला, किडनीच्या आजारानं, म्हणजे त्याला 19 वर्षांचीच बातमी माहीत. डूच 2020 मध्ये मेला, शिक्षा भोगताना.

बू मेंगनं कोर्टात एकच गोष्ट विचारली होती. माझ्या बायकोला कुठे मारलं? जागा सांगा, तिथली माती आणून तिच्यासाठी प्रार्थना करता येईल. डूच म्हणाला नक्की सांगता येत नाही, बहुधा च्युंग एकला नेली असेल. शहरापासून पंधराएक किलोमीटरवर ते आहे, तिथे 8,895 मृतदेह उकरून काढले. बायकोचा म्हणून त्याच्याकडे फोटो आहे तो इथलाच, तुरुंगात येताना काढलेला. लग्नातला नाही, मुलांसोबतचा नाही. तोच मोठा करून तो जवळ ठेवतो.

चुम मेचं आणखी एक राहिलं. पळापळीत, व्हिएतनामी सैन्य आल्यावर, कैद्यांना हाकत नेताना त्याला बायको भेटली, काखेत तान्हं मूल. दोन दिवस सोबत चालले. मग रात्री ख्मेर रूजच्या शिपायांनी गोळ्या घातल्या, बायको ओरडली की तू पळ. तो पळाला. हे तो शेकडो वेळा सांगत आलाय आणि दर वेळी एवढं सांगून झालं की रडतो म्हणतात, मी पाहिलं नाही.

मी पाहिलं ते एवढंच की पटांगणात झाडाखाली एक टेबल होतं, टेबलावर पुस्तकं, मागे पांढऱ्या केसांचा, स्वच्छ इस्त्रीच्या शर्टातला म्हातारा माणूस, जवळपास नव्वदीचा, चुम मे. पलीकडे दुसऱ्या टेबलाशी बू मेंग, बुटका, गोड चेहऱ्याचा. लोक पुस्तक घेत होते, शेजारी बसून फोटो काढत होते. मला आधी ते खटकलं, खरं सांगते. रोज सकाळी इथे यायचं आणि परक्या लोकांना तेच तेच सांगायचं, म्हणजे चाळीस वर्षांनी पुन्हा कामाचा माणूसच की. मग वाटलं, आता निदान काय सांगायचं, किती सांगायचं, आज यायचं का नाही हे तो ठरवतो. मलाच बरं वाटावं म्हणून मी असा विचार केला असंही असेल.

रांगेत उभी राहिले. माझी पाळी आली तेव्हा काय बोलायचं होतं ते सगळं विसरले. त्यांनी पुस्तक पुढे केलं, मी पैसे दिले, हात जोडले, त्यांनीही जोडले, त्यांची पद्धत आपल्यासारखीच आहे. बोटं बघितली. मेकॅनिकचीच बोटं, आमच्या गल्लीतल्या मशिन दुरुस्त करणाऱ्या काकांची असतात तशी, पेरं जाड झालेली. सही मागितली. त्यांनी खिशातून निळं पेन काढलं आणि अगदी सावकाश, एकेक अक्षर लिहिलं.

पाच वाजत आले होते. तिथला एक शिपाई वर्ग बंद करत निघाला, आमच्याकडे राणे शिपाईमामा करायचे तसाच, एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे, खिडकी, दार, पुढची खिडकी, दार. 1979 च्या जानेवारीत ह्याच आवारात कपड्यांच्या ढिगात दोन लहान भाऊ लपलेले सापडले होते, आई येईल म्हणून थांबलेले. मोठा आठेक वर्षांचा, नोंग चान फाल. त्यानं मोठेपणी कोर्टात सांगितलं, आईला शेवटचं बघितलं ते वरच्या मजल्यावरच्या खिडकीत, गज धरून उभी होती, काही बोलली नाही, बघत राहिली. कुठली खिडकी ते मला माहीत नाही. बहीण गेटपाशी खुणा करत होती, चल म्हणून, बस थांबली होती. मी बाकावर बसून राहिले, तो शिपाई शेवटच्या खिडकीपर्यंत जाईस्तोवर.